फ्रेंचांनी न बांधलेला कोट

पेंटरचं आयुष्य दुसऱ्याचं खोटं आपल्या सुबक अक्षरात लिहिण्यात जातं. ‘शुद्ध तुपातील मिठाई’, ‘आमची कुठेही शाखा नाही’, ‘डॉक्टर दिवसभर भेटतील’ हे सगळं मी लिहिलंय. तूप कुठल्या डब्यातून येतं, शाखा कुठल्या गल्लीत आहे आणि डॉक्टर दुपारी कुठे पडलेले असतात, हे मला लिहिताना ठाऊक असायचं. ऐंशी आणि नव्वदच्या दशकात भिवंडीत ज्या पाट्यांखालून तुम्ही गेला असाल, त्यांतल्या बऱ्याचशा माझ्या हातच्या. उजव्या कोपऱ्यात खाली बारीक अक्षरात ‘वसंत आर्ट’ असं असे. आता त्या जागी फ्लेक्स आलेत. त्यांवर एका माणसाला वाढदिवसाच्या शुभेच्छा देणारे चाळीस चेहरे असतात आणि धड लिहिलेला एक शब्द नसतो. त्यावर बोलायला लागलो तर हा दिवाळी अंक मला एकट्याला लागेल, म्हणून ते राहू द्या.

मला एका पाटीबद्दल सांगायचंय. ती मी लिहिली. ती खोटी होती आणि खोटी आहे हे मला लिहितानाच माहीत होतं. त्या पाटीच्या जोरावर खाडीकाठचा एक जुना कोट पाडला गेला. पाडणाऱ्यांना मी आजवर भरपूर शिव्या घातल्या. त्या यादीत माझं नाव अगदी खाली आहे, पण आहे.

आधी धंदा सांगतो, कारण तो आता संपला. पत्र्याला आधी तांबडा प्रायमर लावायचा, तो वाळला की रंगाचे दोन हात. मग खडूत घोळवलेली दोरी दोन टोकांना ताणून मध्ये टिचकी मारायची, की सरळ रेघ उठते. ओळीतली अक्षरं मोजून मधलं अक्षर काढायचं आणि तिथून दोन्हीकडे सरकायचं, नाहीतर शेवटच्या शब्दाला जागा उरत नाही. हात टेकायला एक काठी. भिवंडीत ह्याशिवाय आणखी एक गोष्ट सांभाळावी लागे. लूम, म्हणजे यंत्रमाग, चालू असले की कापसाची लव हवेत तरंगते आणि ओल्या रंगावर बसते, आणि पाटीला मिशा फुटतात. म्हणून कारखान्यांच्या पाट्या मी शुक्रवारी लिहायचो, लूम बंद असत तेव्हा.

माझे उस्ताद रशीदभाई. मराठी, हिंदी, उर्दू, तिन्ही लिपी त्यांच्या बोटांत होत्या. मी अंबाडीकडचा, बाप पोस्टात शिपाई, मॅट्रिक झालो आणि त्यांच्या दुकानात ब्रश धुवायला लागलो. त्यांनी मला दोन नियम घालून दिले. पहिला, कागदावर असेल तेच लिहायचं. दुसरा, गिऱ्हाइकाचा कागद कधी परत द्यायचा नाही. लाकडी ठोकळ्यात उभा ठोकलेला एक लांब खिळा दुकानात असे, काम झालं की कागद त्या खिळ्याला टोचून ठेवायचा. उद्या कोणी तक्रार घेऊन आलं तर कागद काढून समोर धरायचा. पुढे मी स्वतःचं दुकान काढलं तेव्हा तसाच खिळा ठेवला. पहिल्या नियमाबद्दल ते म्हणत, “लिखनेवाला गूंगा होता है, वसंत. जिस दिन बोलेगा, उस दिन से कोई काम नहीं देगा.”

हा नियम किती सोयीचा आहे हे मला लवकरच कळलं. तीनबत्तीकडे एक कापडवाला होता. त्याच्या पाटीवर ‘स्थापना’ म्हणून एक साल असे. दर तीन-चार वर्षांनी पाटी रंगवायला यायची आणि दर वेळी कागदावरचं साल दहा वर्षांनी मागे गेलेलं असायचं. ते दुकान माझ्या डोळ्यांदेखत म्हातारं होत गेलं. शेवटच्या वेळी मी हिशेब केला तर दुकान उघडलं तेव्हा शेठजींचा जन्म व्हायचा होता. मी काही बोललो नाही. वडप्याला एक ट्रान्सपोर्टवाला होता, त्याला गोडाऊनच्या दारावर ‘येथे थुंकू नये’ हवं होतं. मी शेवटची मात्रा काढत असताना तो माझ्याशी बोलता बोलता तिथेच थुंकला. तरीही मी काही बोललो नाही. मुक्यानं काय बोलायचं?

आता कोटाकडे येतो. भिवंडीजवळच्या पूर्ण्याच्या पुढे खाडीला लागून एक गाव आहे. त्याचं नाव मी लिहीत नाही, तिथली माणसं आणि तिथले खटले अजून जिवंत आहेत. गावाच्या टोकाला, भरतीचं पाणी पायथ्याला लागेल असा, पोर्तुगीजांनी बांधलेला एक लहानसा कोट होता. दोन बुरूज, त्यांच्यामधली दोन पुरुष उंचीची भिंत, पाण्यात उतरणाऱ्या पायऱ्या आणि आत एक विहीर. दाराच्या कमानीवर दगडात कोरलेला एक क्रूस. किल्ला म्हटल्यावर ज्यांना घोडे आणि तुताऱ्या दिसतात अशा लोकांची तो बघून निराशा व्हायची. तिथे कोळणी जाळी वाळत घालायच्या आणि बुरुजावर बकऱ्या चढायच्या.

तो कोट मला दाखवला गुप्ते सरांनी. ते भिवंडीच्या हायस्कूलमध्ये आमचे इतिहासाचे शिक्षक. टेबलावर छडी ठेवत आणि तिनं फक्त नकाशा दाखवत. नववीत असताना आम्हा पोरांना ते तिथे पायी घेऊन गेले, सुंभाची दोरी देऊन भिंत मोजायला लावली आणि विचारलं, “बंदुकांची भोकं कुठल्या बाजूला आहेत?”

“खाडीच्या बाजूला, सर.”

“गावाच्या बाजूला एकही नाही. का?”

आम्ही भिंतीकडे बघायला लागलो.

“कारण गावाकडे ह्यांना घ्यायला काही नव्हतं. खाडीतून भाताची आणि सागाची गलबतं जायची. अडवायचं, जकात घ्यायची, सोडायचं. किल्ले भीतीनं बांधतात किंवा हावेनं बांधतात. हा हावेचा.”

मग त्यांनी पुढचं सांगितलं. वसईच्या मोहिमेत मराठे आले आणि कोट एका दिवसात हाती आला, कारण आत लढायला कोणी राहिलंच नव्हतं. मराठ्यांनीही तिथे जकातच घेतली. नंतर इंग्रजांनी मिठाची चौकी बसवली. नंतर कोणालाच त्याचा उपयोग राहिला नाही, म्हणून तो टिकला. “उपयोगी पडला असता तर केव्हाच पाडला असता,” असं सर म्हणाले. ते वाक्य त्या वेळी मला विनोदी वाटलं होतं.

सर निवृत्त झाले आणि ह्या कोटाच्या मागे लागले. त्यांच्याकडे बाकी काही नव्हतं म्हणा. बायको गेलेली, मुलगी बडोद्याला. रोज सकाळी टेबलाशी बसून अर्ज लिहायचे. मोजमापं, नकाशा, क्रुसाचा पेन्सिलीनं उतरवलेला ठसा असं सगळं जोडून पाठवायचे. कित्येक वर्षांनी वरच्या एका खात्याला जाग आली आणि कोट संरक्षित स्थळांच्या यादीत गेला. यादीत गावाचं नाव होतं आणि पुढे ‘पोर्तुगीजकालीन कोट’ असं होतं. सर्व्हे नंबराच्या रकान्यात ‘मोजणीअंती’ असं लिहिलं होतं. ती मोजणी पुढे कधी झाली नाही. पण सर इतके खूश होते की त्यांनी मला बाजारात थांबवून चहा पाजला.

पाटीचं काम माझ्याकडेच आलं. त्या खात्याचा एक ओव्हरसियर होता, सफारी घालायचा, बोलताना समोरच्याकडे न बघता स्वतःच्या घड्याळाकडे बघायचा. तो टाइप केलेला कागद घेऊन आला. निळा पत्रा, पांढरी अक्षरं, चार दिवसांत पाहिजे, पुढारी येणार आहेत. मी कागद वाचला. मजकूर मला अजून पाठ आहे.

‘नदीच्या उजव्या तीरावरील हा किल्ला फ्रेंचांनी निळीच्या व सुताच्या वखारीच्या रक्षणार्थ बांधला. महापुरात त्याचा एक बुरूज वाहून गेल्यावर फ्रेंच गव्हर्नरने तो पुन्हा उभारला. पुढे इंग्रजांनी हा किल्ला जिंकला व तहान्वये परत केला, पुन्हा जिंकला व पुन्हा परत केला.’

वाचून मला त्या किल्ल्याची दया आली. पण तो आमचा नव्हता. कागदाच्या डोक्यावर बंगालकडच्या कुठल्याशा जागेचं नाव टाइप केलेलं होतं, त्यावर पेनानं काट मारून वर आमच्या गावाचं नाव हातानं लिहिलं होतं. दुसऱ्या एखाद्या कामासाठी केलेलं भाषांतर कपाटात पडलेलं असणार, आणि कोणा कारकुनाला नवा मजकूर लिहायचा कंटाळा आलेला असणार. सरांचे एवढे अर्ज त्याच कपाटात होते, पण ते वाचावे लागले असते.

मी म्हटलं, “साहेब, हा आपला कोट नाही. आपला पोर्तुगीजांचा. इथे नदीच कुठाय? खाडी आहे.”

“पाणी आहे ना?”

“पाणी आहे. पण फ्रेंच कुठे आले इथे?”

त्यानं घड्याळ बघितलं. “पेंटर, तू अक्षरं काढ. इतिहास काढू नकोस.”

गुप्ते सरांचं घर माझ्या दुकानापासून चालत दहा मिनिटांवर होतं. कागद घेऊन गेलो असतो तर दुसऱ्या दिवशी ते एस.टी.नं त्या खात्यात जाऊन बसले असते आणि पाटी बदलून आले असते. मी गेलो नाही. मनाशी म्हटलं, कार्यक्रमाला सर येतीलच, तेव्हा बघतील आणि बोलतील. म्हटलं, ह्या खात्याची अजून बरीच कामं आहेत, उगाच कशाला. म्हटलं, लिखनेवाला गूंगा होता है. माणसाला भ्यायचं असलं की त्याला एका वेळी तीन-तीन कारणं सापडतात. मी लव बसू नये म्हणून शुक्रवार धरून, जीव लावून, फार सुंदर अक्षरात ती पाटी लिहिली आणि कागद खिळ्याला टोचला.

कार्यक्रम थाटात झाला. पुढाऱ्यांनी रेशमी पडदा बाजूला केला, पाटी मोठ्यानं वाचली आणि बोलले, “बंधूंनो, फ्रेंचांसारख्या प्रगत लोकांनाही आपल्या भिवंडीची दखल घ्यावी लागली.” टाळ्या झाल्या. गावातल्या यमुनाबाई, त्या कोटाच्या विहिरीवर रोज पाणी भरणाऱ्या, तेवढ्या मागून बोलल्या, “ही हीर फिरंग्यानी खनली हाय. खाऱ्या पान्याच्या मधी गोडं पानी देते. ज्यानी खनली त्याचा नाव न्हाय, नि ह्यो दुसराच कोन आनलाव?” आमच्या खाडीकाठी फिरंगी म्हणजे पोर्तुगीजच. कोणीतरी त्यांना गप्प बसवलं. बाईला लिहिता-वाचता येत नव्हतं. तिथे हजर असलेल्या शिकलेल्या माणसांत तेवढी एकच बोलली.

सर पहिल्या रांगेत होते. त्यांचा सत्कार ठेवला होता. नारळ हातात घेऊन ते पाटीसमोर बराच वेळ उभे राहिले आणि मग माझ्याकडे आले.

“वसंता, हे तू लिहिलंस?”

“सर, कागदावर तसंच होतं.”

त्यांनी पुन्हा पाटीकडे बघितलं. “अक्षर चांगलं आलंय,” म्हणाले आणि निघून गेले. एखाद्यानं मुस्काटात मारली असती तर मी ती विसरलो असतो.

पुढची दहाएक वर्षं सर अर्ज लिहीत राहिले. आधी कोट यादीत घ्या म्हणून लिहायचे, आता पाटी दुरुस्त करा म्हणून. उत्तर यायचं, बाब विचाराधीन आहे. इकडे पाटीनं आपलं काम सुरू केलं. शाळांच्या सहली यायला लागल्या आणि पोरं वहीत फ्रेंच गव्हर्नर उतरवून न्यायला लागली. एका स्थानिक स्मरणिकेत ‘भिवंडीचे फ्रेंच वैभव’ असा लेख आला. तो लिहिणारे गृहस्थ कोटापर्यंत गेलेच नव्हते, पाटीचा फोटो बघून त्यांनी चार पानं भरली होती. हायवेवर ‘फ्रेंच फोर्ट’ नावाचा ढाबा निघाला. त्याची पाटीही मीच लिहिली. दाल फ्राय बरी मिळायची.

एकदा एक खराखुरा फ्रेंच माणूसही आला, मुंबईहून एक दुभाष्या घेऊन. पाटी वाचून घेतली, कोटाभोवती दोन चकरा मारल्या, क्रुसाखाली उभा राहून मान हलवली. मी त्या दिवशी पाटीचा उडालेला रंग लावायला गेलो होतो. दुभाष्या मला म्हणाला, “साहेब म्हणतायत, आमचे लोक इथे कधी आलेले नाहीत. हे बांधकाम पोर्तुगीजांचं आहे.” मी हे जाऊन ओव्हरसियरला सांगितलं. तोवर त्याची बढती झाली होती आणि घड्याळ सोन्याचं झालं होतं. तो म्हणाला, “परदेशी लोकांना आपला इतिहास काय माहीत?”

मग गोडाऊन आले. नव्वदनंतर आमच्या बाजूच्या भातखाचरांत मातीचे डंपर पडायला लागले. आज पूर्ण्यापासून वडप्यापर्यंत जे पत्र्याचे डोंगर दिसतात त्यांची ती सुरुवात. कोटाभोवतीची जमीन एका शेठनं घेतली. त्याला खाडीकडची सरळ बाजू हवी होती आणि मध्ये कोट येत होता. सरांनी हरकत घेतली. ठाण्याला एका अधिकाऱ्यापुढे सुनावणी लागली.

शेठच्या वकिलाचा मुद्दा इतका साधा होता की शाळेतल्या पोरालाही कळला असता. यादीत काय आहे? पोर्तुगीजकालीन कोट. जागेवर काय आहे? सरकारच्याच पाटीप्रमाणे फ्रेंचांचा किल्ला. म्हणजे ही दोन वेगळी बांधकामं. यादीतला कोट दुसरीकडे कुठेतरी असेल, तो खात्यानं खुशाल शोधावा. सर्व्हे नंबर यादीत नाही. ह्या जागेवरच्या फ्रेंच बांधकामाला कुठलंही संरक्षण नाही. आणि सरकारच म्हणतंय की ही वखार होती, तर वखारीच्या जागी वखार झाली तर बिघडलं कुठे? सरांनी क्रुसाचा ठसा दाखवला. वकील म्हणाला, “फ्रेंचही ख्रिस्तीच असतात, गुरुजी.”

पुढच्या तारखेच्या आदल्या दिवशी सर माझ्या दुकानात आले. जिना चढून आले होते, दम लागला होता. खिळ्याकडे बघत म्हणाले, “वसंता, तुझ्याकडे कागद असतो ना? तो मूळ कागद?”

खिळा खालपर्यंत उपसून मी तो काढला. पिवळा पडला होता, पण बंगालकडचं नाव, त्यावरची काट आणि वर लिहिलेलं आमच्या गावाचं नाव स्पष्ट दिसत होतं. ओव्हरसियरशी तेव्हा झालेलं बोलणंही मी सरांना सांगितलं. सरांनी तो वाचला आणि माझ्या हातात परत दिला.

“हा तूच दाखव. मी दाखवला तर म्हणतील म्हाताऱ्यानं बनवला. तू लिहिणारा. तू नुसतं सांग की कागद दुसऱ्या जागेचा होता आणि ते तू तेव्हाच बोलला होतास. एवढंच पुरे आहे.”

कोट वाचायला एवढंच पुरे होतं. हे मला त्या वेळीही नीट कळलं होतं.

सकाळी बायकोनं शर्टाला इस्त्री केली आणि कागद घडी करून वरच्या खिशात घातला. “इसराल म्हनून ठेवलाय,” म्हणाली. आम्ही ठाण्याला गेलो. खोलीत पंखा फिरत होता, शेठ बाहेर बाकावर चहा पीत बसला होता, आणि अधिकाऱ्याच्या शेजारी, खात्याच्या वतीनं, तो सोन्याच्या घड्याळाचा ओव्हरसियर बसला होता. त्याचं खातं त्या वर्षी जिल्ह्यातल्या सगळ्या पाट्या नव्यानं करून घेणार होतं आणि ते काम मला मिळेल असा निरोप मला महिनाभर आधी आला होता. हा निरोप तेव्हाच का आला, एवढं न कळण्याइतका मी बावळट नव्हतो.

शेठच्या वकिलानं मला विचारलं, “पाटीवरचं अक्षर तुमचं?”

“हो.”

“तुम्हाला मजकूर कोणी दिला?”

“साहेबांच्या खात्यानं.”

“लिहिताना मजकूर खोटा आहे हे तुम्हाला माहीत होतं का?”

ओव्हरसियरनं आयुष्यात पहिल्यांदा माझ्या डोळ्यांत बघितलं. माझा हात खिशाकडे गेला. कागदाचा कोपरा बोटाला लागला. मी हात खाली घेतला.

“आम्ही कागदावर असेल ते लिहितो,” मी म्हणालो. “इतिहासातलं मला काही कळत नाही.”

ज्या माणसानं मला दोरी देऊन भिंत मोजायला शिकवली, तो चार फुटांवर बसला होता. त्याच्याकडे बघायची माझी हिंमत झाली नाही. वकील म्हणाला, “धन्यवाद.” बाहेर आल्यावर सर फक्त म्हणाले, “चल, गाडी मिळेल अजून.”

घरी, म्हणजे दुकानाच्या मागच्या खोलीत, बायकोनं धुवायला शर्ट घेतला, खिसे बघितले आणि कागद बाहेर काढला. “ह्यो हितंच हाय की,” म्हणाली. तिनं तो पुन्हा खिळ्याला लावून ठेवला.

कोट पाडायला जेसीबीला दोन दिवस लागले. पोर्तुगीजांनी भिंत चांगली बांधली होती. दगड गोडाऊनच्या जोत्यात गेले. क्रुसाचा दगड शेठनं आपल्या फार्महाउसवर नेला, तिथे त्यावर तुळशीची कुंडी ठेवली आहे असं ऐकतो. विहिरीवर स्लॅब टाकून पंप बसवला. यमुनाबाई पाण्याचा हंडा घेऊन हायवे ओलांडायला लागल्या. पाटी मात्र राहिली. ती सरकारी मालमत्ता, ती काढण्याचा हुकूम कोणी दिला नव्हता. गोडाऊनच्या भिंतीला पाठ लावून ती उभी राहिली आणि तिथे नसलेला किल्ला फ्रेंचांनी बांधला असं येणाऱ्या-जाणाऱ्याला सांगत राहिली. हे बघून हसावं की रडावं ते कळत नाही असं लोक म्हणतात. मला कळत होतं. ती पाटी मीच लिहिली होती.

जिल्ह्यातल्या पाट्यांचं काम मला मिळालं. मी ते केलंही. स्वतःबद्दल लिहायला बसलोय, तर एवढं लपवून उपयोग नाही.

दोनेक वर्षं मी सरांचा रस्ता टाळला. मग कोणीतरी सांगितलं की त्यांनी अंथरूण धरलंय, मुलगी बडोद्याहून आलीय. दुसऱ्या दिवशी शुक्रवार होता. मी सायकलला डबे अडकवले आणि भर दुपारी त्या गोडाऊनपाशी गेलो. पाटीला प्रायमर लावला. दारावरचा वॉचमन, गोरखपूरकडचा, खुर्ची सरकवून बघत बसला.

“चाचा, सरकारी ऑर्डर है?”

“नहीं.”

“फिर क्या लिखोगे?”

“जो यहाँ था.”

आयुष्यात पहिल्यांदा मी कागदाशिवाय पाटी लिहिली. कोट पोर्तुगीजांचा, कशासाठी बांधला, बंदुकांची भोकं कुठल्या बाजूला होती, विहिरीचं पाणी गोडं होतं. नववीत ऐकलेलं सगळं हाताला आठवत होतं. शेवटच्या ओळीत लिहिलं की तो पाडला आणि त्याचे दगड समोरच्या जोत्यात आहेत. खाली उजव्या कोपऱ्यात माझं पूर्ण नाव आणि दुकानाचा पत्ता घातला, म्हणजे कोणाला शोधायला त्रास पडू नये.

शोधायला पडलाही नाही. तीन आठवड्यांत नोटीस आली. मी ती दुकानात उभ्यानं वाचली आणि मग बसून पुन्हा वाचली. ‘सदर पोर्तुगीजकालीन कोटाच्या ठिकाणी शासनाने लावलेला माहितीफलक विद्रूप केल्याबद्दल आपणाविरुद्ध कारवाई का करण्यात येऊ नये.’ कोणा नव्या कारकुनानं पाटी बघितली नव्हती, यादी बघून नोटीस टाइप केली होती. सरांनी दहा वर्षं अर्ज केले आणि जे शब्द ह्या खात्यानं ह्या जागेबद्दल एकदाही लिहून दिले नाहीत, ते माझ्यावर खटला भरताना आपसूक दिले. सही आणि शिक्क्यासकट.

मी खिळ्यावरून जुना कागद काढला, नोटीस घेतली आणि सरांकडे गेलो. ते उशाला टेकून बसले होते, अंगावर शाल. मुलीनं चष्मा दिला. त्यांनी नोटीस वाचली. ‘पोर्तुगीजकालीन’ ह्या शब्दावर त्यांचं बोट थांबलं आणि तिथेच राहिलं.

“आता बरोबर लिहिलंय,” म्हणाले. मग म्हणाले, “तुला दंड करतील.”

“करू देत, सर.”

मग मी तो पिवळा कागद त्यांच्या शालीवर ठेवला. घरून निघताना बरंच काही जुळवलं होतं, ते सगळं विसरलो. म्हटलं, “सर, त्या दिवशी ठाण्याला हा माझ्याकडे होता. खिशात होता.”

त्यांनी चष्मा काढला आणि घडी घातलेल्या नोटिशीवर ठेवला.

“माहीत आहे. कोपरा वर आलेला दिसत होता,” ते म्हणाले. “तुझा हात तिथे गेला तेव्हा मला वाटलं, काढतोयस.”